पडद्यावरच्या बाईकडे कोण बघतंय?

दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कोरोनेशन थिएटरात लागला. तारामतीचं काम अण्णा साळुंके यांनी केलं, कारण सिनेमात काम करायला एकही बाई मिळाली नव्हती. या चित्रपटाचा म्हणून जो भाग आज बघायला मिळतो, त्यात तारामती आणि तिच्या सख्या कुंडात जलक्रीडा करत असतात आणि राजा तिला बोलवायला येतो. अंगाला चिकटलेल्या ओल्या साड्या आहेत, पाणी उडवणं आहे, आणि साड्यांमध्ये सगळे पुरुष आहेत.

म्हणजे बाई पडद्यावर यायच्या आधी तिच्याकडे बघायची रीत पडद्यावर येऊन बसली होती. त्याच वर्षी फाळक्यांच्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी झाली. खऱ्या बायका आल्या, त्या आधीच आखून ठेवलेल्या जागेत.

या बघण्याच्या रीतीला आपण 'पुरुषी नजर' म्हणतो. ब्रिटिश अभ्यासक लॉरा मल्वी यांनी १९७५ साली 'स्क्रीन' या नियतकालिकात एक निबंध लिहून तिची नीट फोड करून दाखवली. सिनेमात तीन नजरा एकावर एक बसतात, असं त्यांचं म्हणणं: कॅमेऱ्याची, गोष्टीतल्या पुरुषाची आणि प्रेक्षकाची. तिन्ही एका रेषेत आल्या की पडद्यावरची बाई करणारी राहत नाही, बघितली जाणारी होते. प्रेक्षक बाई असली तरी तिलाही त्याच खुर्चीत बसून बघावं लागतं.

येलदरीत, जिंतुरात किंवा कुठल्याही लहान गावात आता सिनेमा म्हणजे बहुतेक वेळा हातातला मोबाइल. पूर्वी जत्रेत तंबूतला सिनेमा यायचा, तेव्हा सारं गाव एकत्र बसून बघायचं आणि कुणीतरी मोठ्याने काहीतरी बोलायचंही. आता प्रत्येक जण एकटा बघतो. म्हणून एखादं दृश्य कसं घडतं आणि त्यात बाईचा स्वतःच्या शरीरावरचा हक्क कुठे जपला जातो, कुठे निसटतो, हे आपण पहिल्या टप्प्यापासून क्रमाने बघू. यासाठी सिनेमाचं कोणतंही शिक्षण लागत नाही.

सुरुवात कागदावर होते. पटकथा म्हणजे दृश्यागणिक लिहिलेली गोष्ट. त्यात बाईला काय हवं आहे हे लिहिलेलं आहे का, हा पहिला प्रश्न. तिला 'नाही' म्हणता येतं का आणि त्या 'नाही'मुळे गोष्ट पुढे सरकते का, हा दुसरा.

व्ही. शांताराम यांचा १९३७ सालचा 'कुंकू' याचा उत्तम नमुना आहे. ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून तो केलेला. नीरा या तरुण मुलीचं फसवून एका म्हाताऱ्या विधुराशी लग्न लावून दिलं जातं. घरात राहते, पण त्याची बायको व्हायला ती नकार देते. आपल्या शरीरावर लग्नानेही कुणाचा आपोआप हक्क होत नाही, हे ती शेवटपर्यंत धरून ठेवते. हा चित्रपट ८५ वर्षांहून जुना आहे हे लक्षात घेतलं म्हणजे त्याचं मोठेपण कळतं. लग्नाच्या बायकोवरच्या बळजबरीला बलात्कार म्हणायला आपला कायदा आजही तयार नाही.

या टप्प्यावर नेहमी होणारी चूक अशी, की बाईला पोलीस अधिकारी किंवा डॉक्टर केलं म्हणजे काम झालं असं लेखकाला वाटतं. वर्दी अंगावर येते, पण गोष्टीतला प्रत्येक निर्णय नायकच घेतो. उलट 'कुंकू'मधल्या नीरेला घराबाहेरचं काहीच काम नाही, तरी सगळी गोष्ट तिच्या नकाराभोवती फिरते.

दुसरा टप्पा कराराचा. प्रेक्षकाला तो कधी दिसत नाही आणि माझ्या मते सगळ्यात मोठा घोळ इथेच होतो.

नीरेचं काम करणाऱ्या शांता आपटे यांनी १९३९ साली कराराच्या वादावरून प्रभात स्टुडिओच्या दारातच उपोषण केलं. पुढच्या वर्षी त्यांनी 'जाऊ मी सिनेमात?' नावाचं पुस्तक लिहिलं. ज्या नटीने पडद्यावर नवऱ्याला 'नाही' म्हटलं, तिला प्रत्यक्षात कंपनीसमोर उपाशी बसावं लागलं, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. पडद्यावरच्या पात्राची हिंमत आणि नटीच्या हातातली सत्ता या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

चांगल्या करारात काय असावं? जवळिकीचं किंवा उघड्या अंगाचं दृश्य असेल, तर ते आधी शब्दांत लिहून द्यावं. काय दिसेल, काय दिसणार नाही, कपडे कोणते, सेटवर कोण हजर असेल, चित्रित झालेला पण वापरात न आलेला भाग कुठे जाईल, आणि ते दृश्य जाहिरातीत वापरता येईल की नाही, हे सगळं त्यात हवं. शेवटचं कलम बहुतेक जण विसरतात. त्याची किंमत पुढे पोस्टरच्या टप्प्यावर कळते.

संमती म्हणजे समजून-उमजून, दबावाशिवाय दिलेला होकार. एका गोष्टीला दिलेला होकार दुसऱ्या गोष्टीला लागू होत नाही, आणि काल दिलेला होकार आज मागे घेता येतो. सेटवर पन्नास-शंभर माणसं ताटकळत उभी असतात, दिवसाचं भाडं चालू असतं, दिग्दर्शक नावाजलेला असतो. अशा वेळी नवी मुलगी मान डोलावते. त्या मान डोलावण्याला होकार समजणं ही या धंद्यातली जुनी खोड आहे.

म्हणून अलीकडे इंटिमसी कोऑर्डिनेटर नावाचं काम सुरू झालं आहे. जवळिकीच्या दृश्यात नट-नटी आणि दिग्दर्शक यांच्यामध्ये उभी राहून, कोणता हात कुठे जाईल आणि कुठे जाणार नाही हे आधी ठरवून घेणारी ही व्यक्ती. मारामारीच्या दृश्यात कुणाला लागू नये म्हणून जसा फाइट मास्टर असतो, तसंच हे. हिंदीत 'गहराइयाँ' (२०२२) या चित्रपटासाठी दर गाई यांनी असं काम केलं आणि या पदाची चर्चा झाली. लहान खर्चाच्या मराठी चित्रपटाला वेगळी व्यक्ती परवडत नसेल, तरी दृश्याची आधी तालीम करता येते, सेटवर मोजकीच माणसं ठेवता येतात आणि नटीला तिच्या विश्वासाची एक बाई सोबत आणू देता येते. याला पैसे लागत नाहीत.

याच टप्प्यात आणखी एक गोष्ट येते, ती म्हणजे नटीचं स्वतःचं आयुष्य. हंसा वाडकर यांनी आपलं आत्मकथन 'सांगत्ये ऐका' या नावाने सांगितलं. त्याच नावाच्या, १९५९ सालच्या गाजलेल्या चित्रपटात त्यांनी काम केलं होतं. त्या आत्मकथनाच्या आधाराने श्याम बेनेगल यांनी १९७७ मध्ये 'भूमिका' केला आणि स्मिता पाटील यांना त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यातल्या उषाच्या कमाईवर घर चालतं, पण काम कधी करायचं आणि मूल ठेवायचं की नाही हे नवरा ठरवतो. हजारो माणसं जिच्याकडे बघतात, तिचा स्वतःच्या पोटातल्या गर्भावर अधिकार नाही. शरीराचा हक्क हा शब्द जड वाटत असेल, तर हा चित्रपट बघावा.

कपडे आणि सेट यावर फार थांबत नाही. तोकडे कपडे वाईट आणि लांब कपडे चांगले, असा हिशोब आपण सहज करतो आणि तो चुकतो, एवढंच इथे सांगते. १९३८ साली मास्टर विनायकांच्या 'ब्रह्मचारी'मध्ये मीनाक्षी शिरोडकर यांनी पोहण्याचा पोशाख घालून गाणं म्हटलं आणि महाराष्ट्रभर खळबळ झाली. पण त्या गाण्यात पुढाकार तिचा आहे. ब्रह्मचर्याचं व्रत घेतलेल्या नायकाला ती डिवचते, आणि अवघडतो तो. अंगावर कापड किती, यापेक्षा त्या क्षणी दृश्य कुणाच्या ताब्यात आहे हे विचारलं तर उत्तर वेगळं येतं.

आता कॅमेरा. इथे जरा सावकाश जाऊ.

कॅमेरा एकदा सुरू होऊन थांबेपर्यंत जो तुकडा चित्रित होतो, त्याला शॉट म्हणतात. त्या तुकड्याची चौकट, म्हणजे फ्रेम, काय आत घ्यायचं आणि काय बाहेर ठेवायचं हे ठरवते. माणूस पूर्ण दिसला तर आपण त्याला माणूस म्हणून बघतो. चौकटीत नुसती कंबर, नुसते ओठ किंवा नुसती पाठ आली आणि चेहरा बाहेर राहिला, तर त्या अवयवाला मालकीण उरत नाही. दारू पिणाऱ्या पुरुषाचा नुसता हात दाखवला तरी तो 'त्याचा हात' राहतो, कारण आधीच्या आणि नंतरच्या तुकड्यात त्याचा चेहरा आणि हेतू आपल्याला दिलेला असतो. बाईच्या बाबतीत अनेकदा चेहरा शेवटी येतो किंवा येतच नाही.

कॅमेरा किती उंचीवर आहे हे दुसरं. पायापासून वर सरकत जाणारा कॅमेरा आपण इतक्या वेळा बघितला आहे की तो नैसर्गिक वाटतो. प्रत्यक्षात कुणी अनोळखी बाईकडे असं पायापासून वर बघत गेला, तर ती त्याला जाब विचारेल. कॅमेऱ्याला ती विचारू शकत नाही.

लावणी घेतली की हे लगेच समजतं. फडावर किंवा थिएटरात नाचणारी बाई नऊवारीत, अंगभर झाकलेली असते. प्रेक्षक एका ठरावीक अंतरावरून ती सबंध बघतो. ती त्याच्या डोळ्याला डोळा भिडवते, त्याची खोडी काढते, शिट्टी मारणाऱ्याला उत्तर देते, मन नसेल तर पाठ फिरवते. सवाल-जवाबात तर ती समोरच्याला हरवते. सिनेमात तीच लावणी आली की कॅमेरा मंचावर चढतो, तिच्या अगदी जवळ जातो आणि तिचे तुकडे करतो. मध्येच फेटेवाल्या पाटलाचे डोळे, मग तिची कंबर, परत पाटलाचे डोळे. ती उत्तर देते ते कापलं जातं. कला तीच, कपडा तोच, पण तिच्या हातातली सूत्रं गेलेली असतात.

इथे जात विसरून चालणार नाही. तमाशाच्या फडावर उभ्या राहिलेल्या बायका बहुतेक दलित आणि भटक्या समाजातल्या. समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे यांनी नव्वदच्या दशकात लावणी कलावंतांवर लिहिताना दाखवलं, की या बायकांची लैंगिकता वरच्या जातींच्या सत्तेने आपल्याला हवी तशी वापरून घेतली. कुणाच्या शरीराकडे उघडपणे बघायची मुभा आहे आणि कुणाचं शरीर घराण्याची अब्रू म्हणून झाकून ठेवायचं आहे, हे पडद्याच्या बाहेर आधीच ठरलेलं असतं. तमाशापटांत नाचणारी आणि पाटलाच्या वाड्यातली घरंदाज बायको या दोघींवर कॅमेरा वेगवेगळ्या तऱ्हेने पडतो, तो त्यामुळे. आणि घरंदाज बायकोलाही त्यातून मोकळीक मिळत नाही. तिला फक्त वेगळं कुलूप.

नजर उलटी कशी फिरते हे बघायचं असेल तर नागराज मंजुळे यांचा 'सैराट' (२०१६) आठवावा. आर्ची मैत्रिणींबरोबर विहिरीत पोहत असते, परशा उडी टाकतो, आणि आर्ची दरडावून त्याला बाहेर घालवते. पाण्यातली मुलगी आणि तिला बघणारा मुलगा, हे जुनंच चित्र. पण इथे अधिकार तिच्या आवाजात आहे. वर्गात ती त्याच्याकडे टक लावून बघते आणि लाजतो तो. बुलेट आणि ट्रॅक्टरवरही ती शोभेला बसलेली नाही, चालवते आहे. रिंकू राजगुरू तेव्हा शाळेत शिकणारी मुलगी होती, आणि कॅमेऱ्याने तिच्या वयाची जाण ठेवली, हेही मोलाचं. तरी परशाचं सुरुवातीचं मागे मागे फिरणं गोड म्हणूनच येतं, ही माझी तक्रार आहे. प्रत्यक्षात अशा पाठलागाने किती मुलींची शाळा सुटते, हे मराठवाड्यातल्या कोणत्याही आईला विचारावं.

यानंतर संकलन, म्हणजे चित्रित तुकडे निवडून, कापून, एकामागोमाग जोडणं. या टप्प्यावर नटीने सेटवर जपलेली गोष्टही हातची जाऊ शकते. तिने दहा सेकंदांचा तुकडा दिलेला असतो, संकलक तो तीनदा वापरतो. तिने दिलेला रागाचा चेहरा काढून टाकला की उरतं फक्त शरीर. छेडछाडीच्या प्रसंगात मुलीचा चेहरा किती वेळ दिसतो आणि हसणाऱ्या मुलांचा किती वेळ, हे घड्याळ लावून बघितलं तर चित्रपट कुणाच्या बाजूने उभा आहे ते समजतं. बलात्काराच्या दृश्यात ही चूक सगळ्यात भयंकर होते. अन्याय दाखवतो असं म्हणत कॅमेरा अत्याचार करणाऱ्याच्या जागी जाऊन बसतो.

विषय कठीण असला तरी याला पर्याय असतो. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा 'दोघी' (१९९५) दोन बहिणींची गोष्ट सांगतो. त्यातली थोरली, गरिबीमुळे आणि अपशकुनी ठरवल्यामुळे, मुंबईला देहविक्रयात ढकलली जाते. चित्रपट लक्ष ठेवतो ते तिच्या परत येण्यावर, धाकटीच्या जीव तोडून प्रश्न विचारण्यावर, आईच्या गप्प बसण्यावर. शरीराचं काय झालं ते आपल्याला चेहऱ्यांवरून कळतं.

आवाजाकडे आपलं लक्ष जात नाही. पार्श्वसंगीत म्हणजे दृश्याखाली वाजणारं संगीत. काय वाटून घ्यायचं हे ते आपल्या कानात सांगत असतं. बाई रस्त्याने चालली आहे, इतकंच दृश्य असतं. त्याखाली मादक सॅक्सोफोन वाजला की तिचं चालणंही आमंत्रण होतं. 'कुंकू'मध्ये शांतारामांनी पार्श्वसंगीत ठेवलंच नाही. जे आवाज येतात ते घरातल्या, रस्त्यातल्या वस्तूंचे. त्यामुळे नीरेबद्दल काय वाटावं हे कुणी वरून सांगत नाही. तिचंच ऐकावं लागतं.

चित्रपट तयार झाला की तो प्रमाणपत्रासाठी केंद्रीय चित्रपट प्रमाणन मंडळाकडे जातो. बोलण्यात आपण त्याला सेन्सॉर बोर्ड म्हणतो. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली हे काम चालतं. १९९१ सालच्या मार्गदर्शक सूचनांत स्त्रियांची मानहानी करणारी दृश्यं असू नयेत असं म्हटलं आहे, आणि चित्रपट सबंध बघून, त्याचा एकूण परिणाम काय होतो यावरून निर्णय घ्यावा असंही. २०२४ च्या नव्या नियमांनी मंडळात किमान एक तृतीयांश बायका असाव्यात असं ठरवलं.

नियम चांगले आहेत, पण अंमलात दोन गोष्टींची गल्लत होते: नग्नता आणि मानहानी. रवी जाधव यांचा 'न्यूड' हे त्याचं आपल्या भाषेतलं ठळक उदाहरण. सचिन कुंडलकर यांनी पटकथा लिहिलेली ही गोष्ट यमुनेची आहे. नवऱ्याला सोडून ती मुलाला घेऊन मुंबईला येते आणि जे. जे. कला महाविद्यालयात चित्रकलेच्या विद्यार्थ्यांपुढे विवस्त्र बसण्याचं काम स्वीकारते. माणसाचं शरीर बघून चित्र काढणं हा तिथल्या शिक्षणाचा भाग आहे. कल्याणी मुळे यांनी यमुना केली आणि तिला या कामाची वाट दाखवणारी आक्का छाया कदम यांनी.

२०१७ च्या गोव्यातल्या इफ्फीत, म्हणजे भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात, भारतीय विभागासाठी परीक्षकांनी हा चित्रपट निवडला होता. माहिती आणि प्रसारण मंत्रालयाने तो यादीतून काढला. परीक्षक मंडळाचे प्रमुख सुजॉय घोष यांनी राजीनामा दिला. पुढे प्रमाणन मंडळाने एकही काट न सुचवता 'ए' प्रमाणपत्र, म्हणजे फक्त प्रौढांसाठी, दिलं आणि २७ एप्रिल २०१८ रोजी तो चित्रपटगृहांत लागला.

यमुनेचं काम नीट बघितलं तर संमतीचा सगळा पाठ त्यात आहे. ती स्वतः ठरवते, तिला मोबदला मिळतो, वर्गाला नियम आहेत, बघणारे शिकायला बसले आहेत. नवऱ्याच्या घरात साडी नेसून ती जितकी असुरक्षित होती, तितकी इथे नाही. तरी समाजाला खटकतं ते इथलं. अंगभर कपड्यांतल्या बाईचे तुकडे करणारी गाणी घराघरात लहान मुलांसमोर वाजतात आणि एक बाई स्वतःच्या मर्जीने बसली तर नाव यादीतून जातं, याचा मला राग येतो.

पोस्टर आणि जाहिरातीचा टप्पा शेवटी येतो आणि पहिल्यापासून जपलेलं सारं एका फटक्यात उलटवू शकतो. जयवंत दळवींच्या कादंबरीवरचा 'चक्र' (१९८१) रवींद्र धर्मराज यांनी केला. त्यात स्मिता पाटील मुंबईच्या झोपडपट्टीतली अम्मा आहे. झोपडीला न्हाणीघर नाही, म्हणून ती उघड्यावर अंघोळ करते. चित्रपटात ते दृश्य गरिबीचं आहे. आपल्या गावांतही कित्येक बायका पहाटेच्या अंधारात नदीवर किंवा पडद्याआड कशा अंघोळी उरकत, हे सगळ्यांना ठाऊक आहे. तेव्हा तिथून जाणारा माणूस नजर खाली घालून जायचा.

पण जाहिरातीत नेमकं तेच दृश्य आजूबाजूच्या झोपड्यांसकट गोष्टीतून उचललं गेलं आणि मोठं करून रस्त्यावर लावलं गेलं. गरीब बाईची अडचण हे तिकीट विकायचं आमिष झालं. स्मिता पाटील यांना हे बोचलं. बायकांची अर्धी उघडी शरीरं दाखवली की माणसं जास्त येतील, ही समजूत प्रेक्षकांवर लादली गेली आहे, अशा अर्थाचं त्या एका मुलाखतीत बोलल्या. या भूमिकेसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण पोस्टर काय असावं यात त्यांचा शब्द चालला नाही. करारात जाहिरातीचं कलम का हवं, ते इथे कळतं. १९८६ च्या स्त्रियांचे असभ्य प्रदर्शन प्रतिबंधक कायद्यात जाहिरातींचा उल्लेख आहे, आणि स्त्रीच्या शरीराचा 'कोणताही भाग' मानहानीकारक पद्धतीने दाखवणं त्याच्या व्याख्येत येतं.

प्रेक्षक म्हणून इथे आपली नेहमीची चूक म्हणजे नटीला बोल लावणं. "तिने काम केलंच कशाला?" हा प्रश्न निर्माता, दिग्दर्शक, संकलक, वितरक या सगळ्यांना सोडून जिच्या हातात सगळ्यात कमी होतं तिला विचारला जातो.

आता उरतो तो टप्पा, ज्यात कॅमेरा आपल्याच हातात आहे. पावसाळ्यात येलदरी धरणातून पूर्णा नदीत पाणी सुटलं की माणसं बघायला येतात आणि प्रत्येकाच्या हातात मोबाइल असतो. पाण्याचा व्हिडिओ काढताना काठावर धुणं धुणारी, भिजलेली बाई चौकटीत आली, तर ती आपल्या चित्राचा भाग नाही. तिला कॅमेरा दिसलेलाही नसतो. बाजूला सरकून चौकट बदलायला दोन पावलं पुरतात. एवढं मात्र मुलांना सांगावं लागतं, ते आपोआप येत नाही.

कायदा इथे स्पष्ट आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ नुसार, बाई खासगी कृतीत असताना, म्हणजे अंघोळ, कपडे बदलणं, शौच अशा वेळी, तिला चोरून बघणं किंवा तिचं चित्रण करणं गुन्हा आहे. पहिल्या वेळी एक ते तीन वर्षं कैद आणि दंड, पुन्हा केल्यास तीन ते सात वर्षं. त्याच कलमात एक खुलासा आहे, जो प्रत्येक मुलामुलीला माहीत हवा: बाईने चित्रण करायला होकार दिला, पण ते इतरांना दाखवायला दिला नाही, तर ते पसरवणं हाही गुन्हा. सेटवरच्या नटीला जी संमतीची पायरी लागते, तीच कॉलेजातल्या मुलीच्या फोटोलाही लागते. पुढचं कलम, ७८, पाठलागाबद्दल आहे.

असं काही घडलं तर ११२ किंवा महिलांसाठीच्या १८१ या क्रमांकावर फोन करता येतो. मुलगी अठराच्या आतली असेल तर १०९८. व्हिडिओ पुढे पाठवून "बघा, कसे लोक आहेत" असं म्हणू नये, कारण त्या पाठवण्यानेही तो पसरतोच. आलेला संदेश, क्रमांक आणि वेळ यांचा स्क्रीनशॉट पोलिसांसाठी ठेवावा. घरात मुलीचा मोबाइल काढून घेणं ही पहिली प्रतिक्रिया असते, आणि त्यामुळे पुढच्या वेळी ती सांगतच नाही.

घरी सराव करायचा असेल तर गाण्यापासून सुरुवात करावी, कारण ते चार-पाच मिनिटांत संपतं. एकदा नेहमीसारखं बघा. दुसऱ्यांदा आवाज पूर्ण बंद करून बघा आणि तिचा चेहरा चौकटीत नसलेले तुकडे मोजा. तिसऱ्यांदा प्रत्येक तुकड्यानंतर थांबवून विचारा, हे आत्ता कुणाच्या डोळ्यांनी दिसलं? मुलगे सोबत असतील तर उत्तर आधी त्यांना देऊ द्या. ते चुकले तरी टोकू नका, पुढच्या तुकड्यावर पुन्हा विचारा. मग त्याच संध्याकाळी 'कुंकू' लावा. तो काळा-पांढरा आहे म्हणून मुलं पहिली दहा मिनिटं कुरकुर करतील. नीरा बोलायला लागेपर्यंत बसवून ठेवा.